न घेतलेल्या साडीचं बिल

लग्नाचा पत्ता नाही आणि साडीचं बिल दारात! तेही जयसिंगपूरच्या दुकानाचं, जिथं मी उभ्या जन्मात पाऊल टाकलं नव्हतं. पाकीट फोडून कागद उलगडला आणि डोकं असं सणकलं, की हातातला चहाचा कप मी सरळ देव्हाऱ्यात ठेवून दिला. आई किंचाळली, "अगं बया, कप कुठं ठेवतीस?" मला कप दिसतच नव्हता. एक ओळ तेवढी दिसत होती. कुठल्याशा साडी सेंटरचं नाव, तारीख आणि पुढं सातशे चाळीस रुपये.

दोन हजार दोन-तीन सालची गोष्ट असेल. उद्यमनगरातल्या एका फाउंड्रीच्या ऑफिसात मी हिशेब बघत होते. मे महिन्याच्या उन्हात गळ्यात टाय बांधून एक पोरगा आला होता, एका मोठ्या बँकेचं क्रेडिट कार्ड खपवायला. त्याचा घाम बघून आम्हाला दया आली आणि ऑफिसातल्या आम्ही बायकांनी सह्या ठोकल्या. असं ते कार्ड घरात आलं. आमच्या आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ते चिमटीत धरून उलटंपालटं करून बघितलं होतं. "आपण उधारी देणारी माणसं. घेणारी कधीपासनं झालो?" आप्पांची मार्केट यार्डात गुळाची अडत. सौद्यात ओरडून ओरडून आवाज असा झालेला, की कानात कुजबुजले तरी गल्लीभर ऐकू जायचं.

तेच आप्पा आता कागद हातात धरून विचारत होते, "साडी घेतलीस?"

"न्हाई."

"मग कुणी घेतली?"

"तेच तर म्हणतोय की मी!" आमच्याकडं बायकाही रागात असल्या की 'म्हणतोय'च म्हणतात.

"माझ्या पोरीच्या नावावर कोण साड्या नेसतंय बघतोच," आप्पा म्हणाले. शेजारच्या काकूंनी खिडकी उघडली.

खरं तर त्या दिवसांत आमच्या घरात साडी, बस्ता, हळद असलं काही तोंडातनं काढायची चोरी होती. महिन्याभरापूर्वी माझी एक सोयरीक जुळता जुळता राहिली होती. ते आधी सांगते, म्हणजे पुढचं ध्यानात येईल.

मला सत्ताविसावं सरलं होतं. पावणे यायचे, पोहे खायचे, 'कळवतो' म्हणायचे आणि कळवायचे नाहीत. पोहे करून करून कढईचा तळ झिजला. शेवटी मी संप पुकारला. "ह्या घरात आता बघायच्या कार्यक्रमाचे पोहे होणार न्हाईत. ज्याला बघायचंय त्यानं बाहेर भेटावं, माणसासारखं जेवावं आणि जावं." आईनं डोळ्याला पदर लावला. आप्पा गरजले. पण मी एकदा नाही म्हटलं की ब्रह्मदेव आला तरी नाही. हा गुणही त्यांचाच, त्यामुळं त्यांना फार बोलता येईना.

त्याच सुमारास वधू-वर मेळाव्याच्या पुस्तकातनं कुरुंदवाडचं स्थळ सापडलं. मुलगा इचलकरंजीला आयटीआयत शिकवायचा, वडिलांचं बी-बियाण्याचं दुकान. मध्ये मध्यस्थ कुणी नव्हता, हीच पुढं गोची झाली. त्या लोकांना बाहेर भेटायचं पटलं. हातकणंगल्याजवळ रस्त्यालाच एक शाकाहारी हॉटेल होतं, दोन्ही गावांच्या मध्ये. कोल्हापुरात राहून पांढऱ्या रश्श्याला न शिवणारी आमची घरं, त्यामुळं तेच बरं पडलं.

आप्पांची एकच हरकत होती. "बिलाचं काय करायचं?"

तुम्हाला वाटेल, यात काय एवढं? सांगते. आमच्या माणसांत सोयरिकीच्या वेळी जेवणाला फार अर्थ. मुलाकडच्यांनी मुलीकडचं जेवण घेतलं, म्हणजे मीठ खाल्लं, म्हणजे पसंती. मग मुलीच्या बापानं चार-आठ दिवसांत त्यांच्या दारात जाऊन पुढचं बोलायचं. आणि पसंत नसेल तर? तर तोंडानं नाही म्हणायचं नाही, कुणाचं मन मोडायचं नाही. काहीतरी निमित्त काढून जेवणाचे पैसे आपणच चुकते करायचे आणि हसून निरोप घ्यायचा. ज्या घरची मुलगी करायची नाही, त्या घरचं मीठ अंगावर ठेवायचं नाही. झाला नकार, न बोलता! घरात किंवा मठात हे सगळं सोपं. पण हॉटेलात, गल्ल्यापुढं उभं राहून काय करायचं, हे आमच्या आज्या-पणज्यांनी सांगून ठेवलं नव्हतं. त्यात आपल्याकडं बिल देण्यावरनं थोडी झोंबाझोंबी केली नाही तर माणूस चिक्कू ठरतो. म्हणजे पसंती असली तरी मुलाच्या बापानं झटापट तर करायची, पण हरायचं. कोल्हापूर जिल्ह्यात झटापट करून हरायला सांगणं म्हणजे काय ते तुम्हीच बघा.

तर आम्ही भेटलो. कांदेपोहे नव्हते म्हणून की काय, माझी जीभ मोकळी सुटली होती. मुलगा समोर बसलेला. मला वाटलं, विचारील स्वयंपाक येतो का, सासूसासऱ्यांजवळ राहणार का. त्यानं विचारलं, "फाउंड्रीत भट्टीपाशी जाता का कधी?" आजवर मला हे कुणी विचारलं नव्हतं, घरच्यांनीसुद्धा! मग काय, मी सुरूच झाले. वितळलेलं लोखंड साच्यात ओततात तेव्हा सगळं शेड कसं केशरी होतं, हिशेबाचं निमित्त काढून मी ते बघायला कशी जाते, सगळं सांगत सुटले. तो ऐकत होता आणि ऐकता ऐकता त्यानं भाकरीवर मिरचीचा खर्डा घेतला, चांगला मोठा घास. डोळ्यांतनं घळाघळा पाणी. तांब्या हाताशी होता, पण माझं वाक्य तुटेल म्हणून बिचारा पाणी पिईना. मला तो आवडला. सरळ सांगते, भाकरी मोडता मोडता आवडला. ह्यानं हो म्हटलं पाहिजे, असं मला पहिल्यांदाच कुणाबद्दल तरी वाटलं.

जेवण झालं आणि दोघे बाप गल्ल्यापाशी गेले. मुलाचे वडील अंगानं पैलवान, आमचे आप्पा आवाजानं. "पावणं, हात काढा." "तुम्ही काढा." "आमच्या हद्दीत आलाय तुम्ही." "हद्द कुणाची? हातकणंगल्यात कुणाची हद्द?" दोघांच्या नोटा गल्ल्यावर, दोघांचे हात एकमेकांच्या मनगटावर, मागं बिल द्यायला थांबलेली माणसं खिदळायला लागली. मला लाज, राग आणि भीती एकदम आली. आप्पा हरले तर? म्हणून मी बगलेतनं आत घुसले आणि ते कार्ड गल्ल्यावरच्या माणसापुढं सरकवलं. "ह्याच्यावर घ्या आणि मोकळं करा." त्याच्याकडं ते जुनं यंत्र होतं, कार्ड ठेवायचं, वर पावती ठेवायची आणि खट्‌खट करून दांडा पुढंमागं सरकवायचा. त्यानं खट्‌खट केलं, आकडा घातला, मी न बघता सही ठोकली. तेवढ्यात मुलाच्या वडिलांनी आप्पांचा हात पिरगाळून आपल्या नोटा त्या माणसाच्या सदऱ्याच्या खिशात कोंबल्या. "घेतल्याशिवाय मी हितनं हलत न्हाई!"

आप्पांचा चेहरा पडला. मी गल्लेवाल्याला हळूच म्हटलं, "मग माझं राहू द्या. फाडा ते." त्यानं मान हलवली आणि माझ्यासमोर ट्टर्रकन कागद फाडला. आप्पा दंड चोळत बाहेर निघाले होते. आमची भाड्याची गाडी आधी सुटली.

गाडीत आप्पा फक्त एवढंच म्हणाले, "बिल त्यांनी दिलं. संपलं." आई पुटपुटली, "जरा विचारून तर बघा." "नकार दिलेल्याच्या दारात जाऊन विचारू? मी?" आईनं पुन्हा विषय काढला नाही. मी रडले नाही. ऑफिसात मात्र लाखाचं हजार करून ठेवलं आणि साहेबांच्या शिव्या खाल्ल्या. खर्ड्यानं भरलेले ते डोळे काही केल्या जात नव्हते. मी स्वतःलाच म्हणायचे, एवढं मन लावून ऐकणारा माणूस नाही म्हणतो म्हणजे आपल्यातच काहीतरी खोट असणार. महिनाभर असं चाललं, आणि त्यावर हे न घेतलेल्या साडीचं बिल!

खरं सांगू? मला आनंदच झाला. भांडायला कुणीतरी मिळालं. महिनाभर आतल्या आत धुमसत होते, ते बाहेर काढायला बँक मिळाली.

दुसऱ्याच दिवशी शाखेत गेले. तिथला साहेब कार्ड म्हटल्यावर दचकलाच. "त्याचं काम पुण्याला चालतं, मॅडम." मी कागद त्याच्यापुढं आपटला. त्यानं बघितला आणि समजूतदार हसला. ते हसू मला अजून आठवतंय. "साडीच आहे. घेतली असेल, विसरला असाल."

"साहेब, लग्न झालंय तुमचं?"

"झालंय."

"मग घरी जाऊन विचारा. बाई माहेर विसरंल, नवरा विसरंल, घेतलेली साडी विसरंल का?"

मागची रांग हसली. एक आजी म्हणाल्या, "खरं बोललं पोरगं." साहेबाचा नूर उतरला. मग त्यानं नीट सांगितलं. हा खर्च मान्य नाही असा अर्ज लिहा, दुकानातनं पावतीची प्रत मिळाली तर जोडा आणि मुदतीत पुण्याला पाठवा, नाहीतर खर्च तुमचाच धरतात. मुदत संपायला आठवडाच होता. मी विचारलं, मराठीत लिहिलं तर चालेल का? म्हणाला, लिहा, वाचून घेतील. तिथंच बाकावर बसून लिहिला. इकडचं तिकडचं काही नाही. "सदर खर्च मी केलेला नाही. तो मला मान्य नाही." खाली सही, अशी दाबून, की मागच्या कागदावर उमटली.

रविवारी आप्पांनी स्कूटर काढली. मी मागं, पर्समध्ये अर्ज. हातकणंगल्याजवळ ते हॉटेल आलं तसं आप्पांनी मान उजवीकडं वळवली आणि मी डावीकडं. एका म्हशीनं आडवं येऊन दोघांच्याही माना सरळ केल्या.

जयसिंगपुरात दुकान सापडलं. मालकानं आम्हाला बघितलं, बाप आणि लग्नाच्या वयाची मुलगी, आणि उठून हात जोडले. "या, या! बस्ता का? अरे, शालू काढा!" नोकरानं शालू उलगडलासुद्धा.

आप्पांचा स्फोट झाला. "शालू गुंडाळा! माझ्या पोरीच्या कार्डावर कुणाला साडी विकलासा ते सांगा आधी. न्हाईतर हितं बसतो मी. उठणार न्हाई."

मालक गडबडला. कागद बघितला, कपाटातनं पावत्यांचा गठ्ठा काढला, त्यातली एक ओढून माझ्यापुढं धरली. "ही सही कुणाची, अक्का?"

माझी. माझीच. घाईत शेपूट लांबलेली, पण माझी सही.

"तुमचीच न्हवं?" मालक म्हणाला. मग पावती फिरवून बघितली आणि कपाळावर हात मारला. "आत्ता ध्यानात आलं! हातकणंगल्याजवळ आमचं हॉटेल हाय की. तिथं कधीमधी कार्डवाली गिऱ्हाईकं येत्यात म्हणून हे यंत्र तिकडं पाठवतो. पावती ह्या दुकानाच्या नावानंच उमटती. मी सवडीनं गोळा करून बँकेत टाकतो, म्हणून तारीख पुढची."

आप्पा हळूच माझ्याकडं वळले. "तू? तू बिल दिलीस? बापाच्या देखत?"

"तुम्ही दोघं तिथं आखाडा केला होता! पण ते रद्द केलं होतं मी. त्यानं माझ्यासमोर फाडलं. आणि आप्पा..." तेवढ्यात माझ्या डोक्यात उजेड पडला. "त्यांनी रोख पण घेतलं आणि माझं कार्ड पण! दोन्हीकडनं घेतलं!"

चोरी म्हटल्यावर आप्पा माझ्यावरचा राग विसरले. "बस मागं." स्कूटर अशी पळवली की मी देवाचं नाव घेत होते आणि त्याच्या मधेच त्या गल्लेवाल्याला काय काय बोलायचं ते जुळवत होते. लबाड, चोर, जेवणाऱ्या माणसांना लुटता? सगळं तयार होतं.

गल्ल्यावर तोच माणूस. आम्हाला बघून तो हसला. ओळखलं होतं त्यानं. कोण विसरेल?

मी सुरू करणार, तर माझ्याआधी आप्पाच. "दोनदा बिल घेतलंस?"

"देवाशप्पथ न्हाई, पावणं!" तो गल्ल्यामागनं बाहेरच आला. "ताई म्हणाल्या फाडा. मी फाडली ती ताईंची प्रत. यंत्रावर कार्ड एकदा घासलं की मोडायचं कसं, हे मला कुठं ठावं? महिन्यातनं एक कार्ड येतंय हितं. मालकानं हाणला असता मला. मग म्हटलं, एकाच जेवणाचं दोघांकडनं घेणं पाप हाय. तुमची गाडी तवर गेलती. मी पळत जीपपाशी गेलो आणि त्या कुरुंदवाडच्या पावण्यांचं पैसे त्यांना परत दिलं."

"परत दिलं?" मी आप्पांचा इतका बारीक आवाज जन्मात ऐकला नव्हता. "आणि त्यांनी घेतलं?"

"घेतलं की. आधी विचारलं, मुलीकडच्यांचं आलं का? व्हय म्हटलं. तसं हसलं, खिशात घातलं. वर मलाच चहाला धा रुपये दिलं."

आप्पा बाकावर बसले. मी उभीच. घेतलं! हसून घेतलं! म्हणजे मुलीकडचं जेवण पावलं. म्हणजे मीठ खाल्लं. म्हणजे हो! महिन्याभरापूर्वीच ते हो म्हणून गेले होते आणि आम्ही इकडं सुतक पाळत बसलो होतो. मला तिथंच ओरडावंसं वाटलं. आणि मग लगेच पुढचं आठवलं. हो म्हटलेल्यांच्या दारात मुलीच्या बापानं जायचं असतं, आणि आमचे आप्पा गेलेच नव्हते. ते तिकडं वाट बघून बघून काय समजले असतील?

गल्लेवाल्याला बोलायची हौस होती. "परवाच्या रविवारी आलती की ती माणसं. पोरगं, आई, वडील. मिरजेकडची कुठली तरी मुलगी होती."

आप्पांनी माझ्याकडं बघितलं नाही. मी विचारलं. माझ्या तोंडून तो प्रश्न कसा निघाला मला माहीत नाही, पण त्या क्षणी जगात दुसरा प्रश्नच नव्हता.

"बिल कुणी दिलं?"

"आँ?"

"त्या जेवणाचं. बिल कुणी दिलं?"

"कुरुंदवाडच्यांनीच. पोरीच्या बापाला हात लावू दिला न्हाई."

"नकार!" मी आणि आप्पा एका सुरात ओरडलो. जेवणारी माणसं घास हातात धरून आमच्याकडं बघायला लागली.

बाहेर आलो. स्कूटरचं तोंड कोल्हापूरकडं होतं. मी म्हटलं, फोन करूया का? आप्पा म्हणाले, "असलं फोनवर बोलायचं नसतंय." आणि त्यांनी स्कूटर ढकलत फिरवली.

"आप्पा, माझा अवतार बघा! धुळीनं भरलोय. केस..."

"अवतार गेला खड्ड्यात. बस मागं."

जयसिंगपूर, शिरोळ, नृसिंहवाडी. दोन्हीकडं ऊस, मध्ये आम्ही. आप्पा स्कूटर चालवता चालवता मोठ्यानं स्वतःशी बोलत होते, काय म्हणायचं त्याची तालीम. वाऱ्यानं अर्धं उडून जात होतं. मी मागं बसून हसत होते आणि बोटांनी केस विंचरत होते.

कुरुंदवाडला मुलाचे वडील घराच्या पुढच्या सोप्यातच बसले होते. आम्हाला बघून उठले नाहीत. "या," म्हणाले. "वाट चुकलासा काय?"

आप्पांनी पायताण काढलं आणि उभ्या उभ्या सांगून टाकलं. तालमीतलं एक वाक्य त्यांना आठवलं नाही, पण जे सांगितलं ते बरं होतं. तुम्ही बिल दिलंसा असं मी समजलो. मला वाटलं नकार. आत्ता कळलं, तसाच आलो. आत्ता, ह्या स्कूटरवरनं.

तोपर्यंत मुलाची आई आतल्या दारात येऊन उभी राहिली. मुलगाही आला, अनवाणी, हातात स्क्रू ड्रायव्हर. मिक्सर उघडून बसला होता वाटतं. त्यानं माझ्याकडं बघितलं. मी ओढणी ओढून केसांवरची धूळ पुसायला लागले, उगाचच.

"महिनाभर वाट बघितली आम्ही," वडील म्हणाले. "ही रोज सकाळी दारात सडा घालून बसायची, आज येतील म्हणून." मग त्यांची भुवई चढली. "पण थांबा. तुम्ही बिल दिलं नव्हतंसा. मी बी न्हाई. मग दिलं कुणी?"

"पोरीनं," आप्पा म्हणाले.

"तुम्हाला न विचारता?"

"न विचारता."

ते मांडी सावरून बसले. "मग आम्ही तुमचं मीठ कुठं खाल्लं? पैसे पोरीनं चुकतं केलं. आमच्याकडं ज्याला सोयरीक नको तेच माणूस पैसे चुकतं करून मोकळं हुतंय. रीतीनं बघितलं तर हा नकारच की. पोरीचा."

सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. आता बोला! बँकेच्या साहेबाला गप्प करणारी मी, चोर म्हणायला तयार होऊन निघालेली मी, आणि जीभ टाळ्याला चिकटलेली. थोरल्या माणसांपुढं 'मला तुमचा मुलगा पाहिजे' असं कसं म्हणायचं? आईनं शिकवलं नव्हतं, आणि तीही तिथं नव्हती.

पर्स छातीशी घट्ट धरली होती. आत तो अर्ज होता. काही सुचलं म्हणून नव्हे, हातांना दुसरं काही करता येईना म्हणून मी तो काढला आणि त्यांच्यापुढं धरला. "हे... हे मी बँकेला लिहिलंय. त्या बिलाचं."

त्यांचा चष्मा आत होता. त्यांनी कागद मुलाकडं दिला. "वाच रे."

त्यानं स्क्रू ड्रायव्हर खिशात घातला आणि वाचलं. "सदर खर्च मी केलेला नाही. तो मला मान्य नाही." मग थांबला. मनातल्या मनात पुन्हा वाचलं असावं, कारण ओठ हलले.

"म्हंजे काय?" वडिलांनी विचारलं.

त्याचे डोळे खर्डा खाल्ल्यासारखे झाले होते. "म्हणजे, अण्णा," तो म्हणाला, "त्यांना नकार मान्य न्हाई."

मग आतल्या दारातनं त्याच्या आईचा आवाज आला, "ऊट माड्री!" माझ्या आजीची बोली कानडी, मला अर्थ लागला, आता जेवूनच जायचं! आप्पा खांबाला टेकले आणि मोठ्यानं नाक ओढलं. मी मान वर केली तेव्हा तो अजून कागद धरून उभा होता आणि माझ्याकडं बघून हसत होता. मीही हसले. कुणी बघतंय का, हे बघायचंसुद्धा विसरले.

घाईत केलेली आमटी होती. मीठ जरा जास्तच पडलं होतं. आप्पांनी दोनदा मागून घेतली.

अर्ज सासऱ्यांनी ठेवून घेतला, तो पुण्याला गेलाच नाही. तसंही खर्च माझाच होता, आता कुठल्या तोंडानं नाही म्हणणार? मुदत उलटली, दंड लागला. बस्ता त्याच जयसिंगपूरच्या दुकानात बांधला, आणि त्यानंतर मी दंडासकट पैशांचा चेक टाकायला शाखेत गेले. तोच साहेब होता. त्यानं मला ओळखलं आणि जपूनच विचारलं, "काय मॅडम, आठवली का साडी?"

"आठवली की," मी म्हटलं. "लग्नाची होती."